पणजोबांच्या दाखल्यातील ‘हाफ-टायमर’, ‘इन्स्ट.’ आणि ‘थ्रॉसल’ या जुन्या इंग्रजी शब्दांचे अर्थ हवे आहेत

जुनी_ट्रंक (जुळे सोलापूर)

सप्रेम नमस्कार.

आमच्या घराण्याची माहिती आणि जुन्या आठवणी एकत्र करून एक छोटी पुस्तिका छापायचे आम्ही भावंडांनी ठरवले असून मजकूर लिहून काढण्याचे काम माझ्याकडे आहे. पणजोबांविषयी लिहायला घेतले तेव्हा आत्यांच्या घरच्या लोखंडी ट्रंकेत दोन इंग्रजी कागद सापडले. पहिला कागद म्हणजे येथील एका कापड गिरणीने १४ जून १९२७ रोजी दिलेला दाखला आहे. दुसरे एका साहेबाने बोटीवरून पाठवलेले पोस्टकार्ड आहे. त्यावर सहीऐवजी केवळ दोन आद्याक्षरे आहेत आणि टपालाचा शिक्का पुसट झाल्यामुळे वर्ष वाचता येत नाही.

दाखल्याचा मजकूर थोडक्यात असा आहे. धारकास १९१४ साली ‘थ्रॉसल’ खात्यात ‘हाफ-टायमर’ म्हणून घेतले, पुढे तो ‘डॉफर’ आणि त्यानंतर ‘सायडर’ झाला. त्याच्या ‘२८ अल्ट.’च्या अर्जावरून त्यास ‘११ इन्स्ट.’पासून ‘डिस्चार्ज’ करण्यात आले आहे. तो ‘स्टेडी हँड’ असून येथून ‘गुड कॅरॅक्टर’ घेऊन जात आहे.

आमच्या घरात या दाखल्याचा एक अर्थ दोन पिढ्या सांगितला जातो. घरातील पहिले पदवीधर असलेल्या आमच्या थोरल्या काकांनी तो वाचून दाखवला होता. ‘हाफ-टायमर’ म्हणजे अर्धवेळ नोकरी करणारा आणि ‘इन्स्ट.’ म्हणजे इन्स्टिट्यूट, असे धरून पणजोबा अर्धा दिवस गिरणीत काम करून उरलेला वेळ एखाद्या संस्थेत शिकत होते, असे त्यांनी सांगितले. ‘अल्ट.’चा अर्थ उलट टपाल असा लावला गेला. ‘डिस्चार्ज’ या शब्दामुळे गिरणीने त्यांना काढून टाकले, असेही सर्वांनी मानले आणि ती गोष्ट घरात नेहमी हळू आवाजात बोलली गेली. मला मात्र एक अडचण दिसते. दाखल्याच्या मागे पणजोबांच्या डाव्या अंगठ्याचा ठसा आहे. संस्थेत शिकलेला माणूस सहीच्या जागी अंगठा का देईल?

पोस्टकार्डावर चारच ओळी आहेत. त्यांत ‘ब्लायटी’, ‘डूलाली’ आणि ‘कुशी’ हे शब्द आले आहेत आणि शेवटी ‘लुक आफ्टर दायसेल्फ, लॅड’ असे लिहिले आहे. ‘दायसेल्फ’ हे रूप मी फक्त जुन्या प्रार्थनांमध्ये पाहिले आहे. साहेबाने एका गिरणी कामगाराला इतक्या आदराने का लिहिले असावे, याचा मला उलगडा होत नाही. पुस्तिका छापायला जाण्यापूर्वी या शब्दांचे त्या काळचे अर्थ समजले तर फार उपकार होतील.


सातरस्ता

ताई, मी अनेक वर्षे शाळेत इंग्रजी शिकवले. आपण छापण्यापूर्वी विचारलेत, याचे मला मनापासून समाधान वाटते. जुना शब्द आजच्या अर्थाने वाचला की वाक्य बहुधा सरळच लागते आणि म्हणून चूक झाल्याची शंकासुद्धा येत नाही. आपल्या काकांचे तसेच झाले आहे.

सोप्या शब्दांपासून सुरुवात करतो. ‘अल्ट.’ हे ‘अल्टिमो’ या लॅटिन शब्दाचे आखूड रूप असून त्याचा अर्थ गेल्या महिन्यातील असा होतो. ‘इन्स्ट.’ म्हणजे ‘इन्स्टंट’, अर्थात चालू महिन्यातील. पुढील महिन्यासाठी ‘प्रॉक्स.’ लिहीत. त्या काळच्या व्यापारी आणि कचेरीतील पत्रव्यवहारात महिन्याचे नाव पुन्हा पुन्हा लिहिण्याऐवजी हीच पद्धत होती आणि आपल्याकडच्या कारकुनांनी ती जशीच्या तशी उचलली होती. आपला दाखला १४ जूनचा आहे, म्हणजे पणजोबांनी २८ मे रोजी अर्ज केला आणि ११ जूनपासून ते मोकळे झाले. संस्थेचा येथे काहीही संबंध नाही.

‘डिस्चार्ज’ या शब्दाने आपल्या घराला विनाकारण खाली पाहायला लावले, याचे वाईट वाटते. आपणही रुग्णाला दवाखान्यातून डिस्चार्ज मिळाला असे म्हणतो, तेव्हा दवाखान्याने त्याला हाकलले असा अर्थ कोणी घेत नाही. बांधिलकीतून मोकळे करणे हाच त्या शब्दाचा मूळ अर्थ आहे. येथे तर अर्ज पणजोबांनी स्वतःच केला होता. ‘कॅरॅक्टर’ म्हणजे येथे स्वभाव नसून मालकाने सोडून जाणाऱ्या माणसाला दिलेले शिफारसपत्र होय. इंग्लंडमध्ये घरगड्यांना नवे काम मिळवताना असे ‘कॅरॅक्टर’ दाखवावे लागत असे. याचा अर्थ आपल्या हातातील कागदालाच त्या काळी ‘कॅरॅक्टर’ म्हणत. ‘हँड’ म्हणजे कामगार. ‘स्टेडी’ म्हणजे कामावर नियमित येणारा, व्यसनापासून दूर असलेला, भरवशाचा माणूस. गिरणीच्या भाषेत याहून मोठी स्तुती क्वचितच लिहिली जाई.

आता ‘हाफ-टायमर’ या शब्दाकडे येतो. येथे मला थोडे सविस्तर लिहावे लागेल, कारण आपल्या काकांचा अर्थ अगदीच निराधार नव्हता. इंग्लंडमध्ये १८४४ च्या कारखाना कायद्याने कापड गिरण्यांतील लहान मुलांनी अर्धा दिवस काम करावे आणि उरलेल्या वेळात शाळेत जावे, अशी सक्ती केली होती. अशा मुलाला तेथे ‘हाफ-टायमर’ म्हणत आणि ही पद्धत बंद करण्याचा कायदा तेथे १९१८ साली झाला. त्यामुळे हा दाखला लँकेशायरमधील गिरणीचा असता, तर अर्धा दिवस गिरणी आणि अर्धा दिवस शिक्षण हा अर्थ बरोबर ठरला असता. हिंदुस्थानात शब्द आला, अर्ध्या दिवसाचे कामही आले, परंतु शाळा मात्र आली नाही. येथील कायद्यांनी मुलांच्या कामाच्या तासांवर मर्यादा घातली. त्यांना शिकवण्याची जबाबदारी कोणावरही टाकली नाही.

ते तासही आपण पुस्तिकेत नोंदवावेत असे मला वाटते. १८८१ च्या कायद्याने सात वर्षांखालील मुलांना कामावर घेण्यास बंदी केली आणि सात ते बारा वयाच्या मुलांसाठी दिवसाला नऊ तासांची मर्यादा ठरवली. १८९१ मध्ये किमान वय नऊ झाले आणि चौदा वर्षांखालील मुलांसाठी सात तास ठरले. १९११ च्या कायद्याने कापड गिरण्यांतील मुलांचे तास सहावर आणले. पणजोबा १९१४ साली कामाला लागले, तेव्हा हाच कायदा चालू होता. किमान वय बारा झाले ते १९२२ मध्ये, म्हणजे वॉशिंग्टन येथे १९१९ साली भरलेल्या आंतरराष्ट्रीय कामगार परिषदेतील ठरावानंतर. आपल्या दाखल्यातील त्या एका शब्दाचा सरळ अर्थ असा आहे की पणजोबा गिरणीत लागले तेव्हा ते चौदा वर्षांच्या आतील मूल होते आणि ते रोज सहा तास काम करीत होते. अंगठ्याच्या ठशाचे उत्तर मला तेथेच दिसते.

‘थ्रॉसल’ हे सूत कातण्याचे एक जुने यंत्र आहे, इतके मी सांगू शकतो. त्याविषयी गिरणीतील माणसानेच लिहिणे योग्य होईल. पोस्टकार्डाविषयी सवडीने लिहितो, कारण त्यातील प्रत्येक शब्दाचा प्रवास मोठा आहे.


कांडीवाला

सरांनी गिरणीतल्या माणसाला हाक दिली म्हणून लिहीत आहे. माझे वडील आणि चुलते दोघेही गिरणीत होते आणि मी स्वतः कांडी खात्यात काही वर्षे काढली आहेत.

ताई, ‘थ्रॉसल’ खाते म्हणजे आपले त्रासन खाते. गिरणीत राबलेल्या कोणत्याही घरात हा शब्द विचारून पाहा, जुनी माणसे लगेच ओळखतील. जेथे सूत कातले जाते ते त्रासन, जेथे कापड विणले जाते ते साचा खाते आणि जेथे सूत कांड्यांवर भरले जाते ते कांडी खाते, अशी आमची विभागणी होती. त्रासन हा शब्द ‘त्रास’ यावरूनच आला असावा, असे मला लहानपणी खरोखर वाटत असे, कारण वडील घरी येत तेव्हा त्यांच्या भुवयांवर कापसाची तूस बसलेली असे आणि त्यांना बराच वेळ ऐकू कमी येत असे. सूत तुटू नये म्हणून त्या खात्यात हवा मुद्दाम दमट ठेवावी लागते. सोलापूरच्या एप्रिल-मे महिन्यांत बंद खिडक्यांच्या त्या खात्यात उभे राहणे काय असते, ते शब्दांत सांगता येणार नाही.

पुढे एका अनुभवी मास्तरांकडून, म्हणजे खात्याच्या प्रमुखांकडून, मला या शब्दाचे मूळ समजले आणि ते मी आजपर्यंत विसरलेलो नाही. उत्तर इंग्लंडच्या बोलीत ‘थ्रॉसल’ हे एका गाणाऱ्या पक्ष्याचे नाव आहे. आपल्याकडे कस्तूर म्हणतात त्याच कुळातील तो पक्षी. आर्कराइट या इंग्रज संशोधकाच्या १७६९ च्या पाण्यावर चालणाऱ्या चरख्यात सुधारणा करून जे यंत्र निघाले, त्याच्या चात्या फिरताना एकसारखा गुणगुणण्याचा आवाज येई, म्हणून तेथील कामगारांनी त्या यंत्राला पक्ष्याचे नाव दिले. नंतर सूत कातण्याची रिंगची नवी यंत्रे आली आणि जुने थ्रॉसल मोडीत निघाले, परंतु खात्याचे नाव तसेच राहिले. म्हणून १९१४ च्या दाखल्यात ‘थ्रॉसल’ लिहिले असले, तरी यंत्रे रिंगची असण्याचीच शक्यता अधिक आहे. पुस्तिकेत यंत्राचे चित्र छापणार असाल तर एवढी काळजी घ्यावी.

‘डॉफर’ म्हणजे भरलेल्या बॉबिन उतरवून त्या जागी रिकाम्या बॉबिन चढवणारा. यंत्र थांबले की पोरांची रांग धावत जाऊन भराभर बॉबिन काढत असे, कारण यंत्र जितके थांबेल तितके सूत कमी निघणार. लहान बोटे चपळ असतात म्हणून या कामावर मुलेच ठेवत. ‘सायडर’ म्हणजे यंत्राची एक संपूर्ण बाजू सांभाळणारा. शेकडो चात्यांवर नजर ठेवायची, तुटलेला धागा दिसला की चालत्या यंत्रावरच तो बोटांनी सांधायचा आणि दिवसभर त्या बाजूने येरझाऱ्या घालायच्या. त्याच्या हाताखाली तारवाला नावाचा मदतनीस असे. आपल्या पणजोबांनी हाफ-टायमर ते सायडर हा पल्ला तेरा वर्षांच्या आत गाठला. त्रासन खात्यात सायडर होणे म्हणजे पूर्ण कारागीर होणे होय आणि हे पुस्तिकेत ठळकपणे लिहावे, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.


सातरस्ता

कांडीवाला यांचे आभार. ‘डॉफर’मधील ‘डॉफ’ हे क्रियापद ‘डू ऑफ’ या दोन शब्दांचा जोड आहे, म्हणजे काढून ठेवणे. त्याचे जुळे भावंड ‘डॉन’, म्हणजे ‘डू ऑन’, अंगावर घालणे. आज इंग्रजी पुस्तकांत टोपी काढण्याच्या संदर्भात हे शब्द थोडे जुनाट आणि नाटकी वाटतात, पण कापड गिरण्यांत ‘डॉफ’ रोजच्या कामाचा शब्द म्हणून टिकला. जुना शब्द मरतो असे आपण म्हणतो तेव्हा तो बहुतेक वेळा बैठकीच्या खोलीतून गेलेला असतो. एखाद्या धंद्यात, कायद्याच्या कागदात किंवा एखाद्या जिल्ह्याच्या बोलीत तो जिवंत असतो. आपल्या भारतीय पारपत्राच्या पहिल्या पानावर राष्ट्रपतींच्या नावाने जी विनंती छापलेली असते, तीत धारकास ‘लेट’ किंवा अडथळा न होता जाऊ द्यावे, असे शब्द आहेत. आजच्या इंग्रजीत ‘लेट’ म्हणजे करू देणे आणि या मजकुरात त्याच्या अगदी उलट, म्हणजे अटकाव. हे मुळात दोन वेगळे शब्द आहेत. काळाच्या ओघात त्यांचे रूप एक झाले, आणि दुसरा शब्द आता पारपत्रात आणि टेनिसच्या मैदानावर तेवढा उरला आहे.

आता पोस्टकार्ड. ‘ब्लायटी’ म्हणजे इंग्लंड, मायदेश. हा शब्द आपल्या ‘विलायती’वरून झाला आहे. हिंदुस्थानातील गोऱ्या शिपायांच्या तोंडी तो रुळला आणि १९१४ ते १९१८ च्या महायुद्धात सगळ्या ब्रिटिश फौजेत पसरला. घरी परत पाठवण्याइतकी मोठी, पण जीव न घेणारी जखम झाली तर तिलाही ते ‘ब्लायटी’च म्हणत. ‘कुशी’ म्हणजे आरामाची, बिनकष्टाची नोकरी किंवा जागा, आणि त्याचे मूळ आपल्या ‘खुशी’त आहे.

‘डूलाली’ हा शब्द तर आपल्या महाराष्ट्रातील गावाचे नाव आहे. नाशिकजवळच्या देवळालीला लष्कराची छावणी होती. नोकरीची मुदत संपलेल्या शिपायांना मायदेशी नेणाऱ्या बोटी येईपर्यंत तेथे ठेवत. बोटी वर्षभर सुटत नसत, त्यामुळे काहींना उन्हाळा आणि पावसाळा काहीही काम नसताना तेथेच काढावा लागे. कंटाळा, उष्मा, दारू आणि ताप यांनी काहींची मने बिघडत. त्या अवस्थेला शिपाई ‘डूलाली टॅप’ म्हणत आणि त्यातील ‘टॅप’ म्हणजे आपला ‘ताप’. पुढे ‘टॅप’ गळून पडला आणि ‘डूलाली’ एवढाच शब्द डोके फिरणे या अर्थाने इंग्लंडमध्ये राहिला. आपल्या पोस्टकार्डात तो कोणाविषयी वापरला आहे, हे आपण लिहिले नाही. कृपया ते वाक्य एकदा पाहावे, कारण हा शब्द थट्टेतही वापरत आणि गंभीरपणेही.

याच्या उलट दिशेने गेलेला शब्द म्हणजे ‘टिफिन’. अठराव्या शतकातील इंग्रजी गावठी बोलीत ‘टिफिंग’ म्हणजे जेवणाच्या वेळेव्यतिरिक्त काही खाणे-पिणे. फ्रान्सिस ग्रोस याने १७८५ मध्ये लोकांच्या तोंडच्या अशा शब्दांचा कोश छापला, त्यात तो सापडतो. तिकडे तो विस्मृतीत गेला आणि इकडे पहाटेच्या पाळीला निघालेल्या माणसाच्या हातात डब्याच्या रूपाने राहिला.

अखेरचा मुद्दा ‘दायसेल्फ’चा, आणि येथे मला आपला समज दुरुस्त करायचा आहे. ‘दाऊ’, ‘दी’, ‘दाय’ ही रूपे आदराची नव्हेत. ती इंग्रजीतील ‘तू’, ‘तुला’, ‘तुझा’ आहेत, आणि ‘यू’ हे मुळात अनेकवचनी व म्हणून आदराचे ‘तुम्ही’ होते. शिष्टाचार वाढत गेला तसे सगळेच एकमेकांना ‘यू’ म्हणू लागले आणि ‘दाऊ’ बोलण्यातून मागे पडले. १६११ च्या बायबलमध्ये आणि प्रार्थनेत ते राहिले, म्हणून पुढील वाचकांना ते भारदस्त वाटू लागले. आपल्याकडे तुकोबा विठोबाला ‘तू’च म्हणतात, ते अनादराने नव्हे हे आपण जाणतो. लँकेशायर आणि यॉर्कशायरच्या बोलीत मात्र हे ‘तू’ घरात, मित्रांत आणि गिरणीत पुढेही चालू राहिले. येथील गिरण्यांत सूत आणि विणकाम खात्यांचे मास्तर बरेचदा लँकेशायरहून येत, त्यामुळे पोस्टकार्ड लिहिणारा बहुधा त्याच भागातील असावा.


पूर्वभाग

आमचे घर तेलुगू भाषक विणकरांचे आहे आणि चार पिढ्यांपासून आम्ही सोलापुरात मागावरच जगत आलो आहोत. सरांचे विवेचन मी दोनदा वाचले. त्यातील एका गोष्टीवर थोडे वेगळे मत मांडावेसे वाटते.

एकेरी संबोधन जवळिकीचे असते तसेच ते वरून खाली टाकलेलेही असते. मुकादम कामगाराला ‘तू’ म्हणतो आणि आई लेकराला ‘तू’ म्हणते, शब्द एकच आहे. एखाद्या गोऱ्या मास्तराने कामगाराला ‘दायसेल्फ’ लिहिले म्हणून लगेच प्रेमाचा निष्कर्ष काढू नये, असे मला वाटते. बोटीवरून मुद्दाम पोस्टकार्ड पाठवले, हा पुरावा त्या एका शब्दापेक्षा अधिक वजनाचा आहे.

दुसरी सूचना वयासंबंधी आहे. पणजोबा किती वर्षांचे असताना कामाला लागले, याचा आकडा पुस्तिकेत निश्चित म्हणून छापू नये. जन्माची नोंद नसलेल्या मुलांचे वय ‘सर्टिफाइंग सर्जन’ हा सरकारी डॉक्टर अंगलट पाहून ठरवत असे. कागदावरचे नऊ वर्षांचे मूल प्रत्यक्षात त्याहून लहान असणे अशक्य नव्हते.

शब्द ज्या गावात वापरला गेला त्या गावाला विचारल्याशिवाय त्याचा अर्थ लावू नये, याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्याच शहरात आहे. ‘सेटलमेंट’ हा शब्द कोशात पाहिला तर वसाहत, तडजोड, निकाल असे सौम्य अर्थ मिळतात. सोलापुरात सेटलमेंट म्हणजे तारेच्या कुंपणाआतील ती जागा, जेथे गुन्हेगार जमाती कायद्याखाली जन्मानेच गुन्हेगार ठरवलेल्या लोकांना हजेरी देत राहावे लागे आणि ज्यांच्यातील अनेकांना गिरण्यांत कामाला पाठवले जाई. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला आणि हे लोक विमुक्त झाले. वस्तीचे नाव मात्र आजही तेच आहे. त्या काळच्या एखाद्या गिरणीच्या कागदावर ‘सेटलमेंट’ असे लिहिलेले सापडले आणि कोणी त्याचा अर्थ हिशेबाची तडजोड असा लावला, तर एका माणसाचे सगळे आयुष्यच पुसले जाईल.

आमच्या धंद्यातील एक शब्दही सांगतो. प्रोसेस हाउसमध्ये, म्हणजे विणलेल्या कापडावर पुढील प्रक्रिया होते त्या कारखान्यात, कापड ताणून वाळवण्याच्या यंत्राला आम्ही स्टेंटर म्हणतो. जुन्या इंग्लंडमध्ये हेच काम ‘टेंटर’ नावाच्या लाकडी चौकटीवर होत असे आणि कापडाच्या कडा तिच्या वाकड्या खिळ्यांत अडकवत. त्यावरून जीव टांगणीला लागणे या अर्थाने ‘टेंटरहुक्स’वर असणे हा वाक्प्रचार आला. इंग्रजी बोलणाऱ्या पुष्कळांनी ती चौकट कधी पाहिलेली नसते. आमच्याकडील बारावी नापास पोराला ती रोज दिसते.


जुनी_ट्रंक

सर, कांडीवाला काका आणि पूर्वभाग, आपल्या तिघांचेही ऋण मानते. काल सायंकाळी आत्यांकडे जाऊन सर्व उत्तरे त्यांना वाचून दाखवली. त्रासन हा शब्द उच्चारताच त्या म्हणाल्या की पणजोबा म्हातारपणी झोपेतही अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर घासत असत आणि घरातील मुले त्याला सवय समजत असत. सूत सांधण्याची ती खूण होती, हे त्यांना काल प्रथमच लक्षात आले.

सरांच्या प्रश्नाचे उत्तर असे. ‘डूलाली’चे वाक्य दुसऱ्या एका मास्तराविषयी आहे. कार्डिंग म्हणजे कापूस पिंजण्याच्या खात्यातील तो वृद्ध मास्तर बोटीवर बरोबर होता, तो ‘पुअर ओल्ड चॅप’ आता पुरता ‘डूलाली’ झाला असून त्याला रात्री सांभाळावे लागते, असे लिहिले आहे. त्यामुळे येथे थट्टा नसावी. ‘कुशी’ नोकरी मात्र लिहिणाऱ्याने स्वतःसाठी घरी गेल्यावर मिळावी, अशी इच्छा म्हणून लिहिली आहे.

थोरल्या काकांचा अर्थ चुकला, हे त्यांच्या मुलांना सांगताना मला जड जाईल असे वाटले होते. सरांनी लँकेशायरचा नियम समजावल्यामुळे ते सोपे झाले. काकांनी पुस्तकातील इंग्रजी बरोबर वाचले होते, त्यांना सोलापूरच्या गिरणीतील इंग्रजी कोणी शिकवले नव्हते. शिक्षणाविषयीचा परिच्छेद मी काढून टाकला आहे. त्या जागी पणजोबा चौदा वर्षांच्या आत, कायद्याने सहा तासांच्या कामावर लागले आणि स्वतःच्या अर्जाने सन्मानाने गिरणीतून मोकळे झाले, असे लिहिले आहे. वयाचा आकडा दिलेला नाही. पोस्टकार्डातील शेवटच्या ओळीचे मराठी मी ‘सांभाळून राहा रे पोरा’ असे केले आहे. पूर्वभाग यांची शंका मान्य करूनही मला ‘लॅड’ या शब्दामुळे तसेच लिहावेसे वाटले.

एक शब्द राहिला. दाखल्याच्या मागील बाजूस, अंगठ्याच्या ठशाखाली, पेन्सिलीने ‘फेंट्स ३’ असे लिहिलेले आहे. हे काय असावे?


कांडीवाला

ताई, ‘फेंट’ म्हणजे ठाणातून कापून निघालेला आखूड तुकडा. विणताना डाग पडला, धागा चुकला किंवा ठाणाच्या टोकाला माप कमी भरले की तेवढा भाग कापून वेगळा ठेवत. जुन्या इंग्रजीत कपड्याला ठेवलेल्या चिरेला फेंट म्हणत. गिरण्यांत त्याचा अर्थ तुकडा असा झाला. गिरणीच्या हिशेबात ‘फेंट्स, रॅग्ज आणि चिंदी’ असे तीन शब्द एकापुढे एक लिहिलेले असत आणि त्यांतला तिसरा शब्द आपल्याकडून त्यांच्या वहीत गेला. फेंट नीट वापरता येण्याजोगा असे, रॅग त्याहून लहान आणि चिंदी सर्वांत लहान.

म्हणजे त्या नोंदीचा अर्थ तीन तुकडे एवढाच आहे. ते पणजोबांना मिळाले की त्यांच्या नावावर मांडले गेले, हे पेन्सिलीच्या एका ओळीवरून ठरवता येणार नाही. आत्यांच्या ट्रंकेत जुने मांजरपाट किंवा गोधडीचे अस्तर असेल तर त्याच्या कडा तेवढ्या उलगडून पाहा. ठाणाच्या टोकाला गिरणीचा शिक्का मारलेला असे आणि टोकाकडचा तुकडा असेल तर शाईची खूण अजूनही दिसू शकेल.